आधी पाहुणे

स्पीकर मी निवडला. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे शेवटी खापर कुणाच्या डोक्यावर फुटतंय याची वाट बघत बसायला नको. दुकानातल्या बाईचा दोष नाही, वीजवाल्यांचा नाही, पाहुण्यांचा तर मुळीच नाही. मी निवडला, मीच तो चाकांवरून ओढत धक्क्यापर्यंत आणला, आणि बोटीत त्याच्यावर पाणी उडू नये म्हणून माझी छत्री त्याच्यावर धरली. ताताय शेजारी उन्हात बसले होते.

ताताय म्हणजे माझे वडील, क्रिसांतो. आमच्या गिमारास बेटावरून समोरच्या इलोइलो शहरात माणसं आणि आंब्याच्या पेट्या नेणारी पंप बोट त्यांनी चौतीस वर्षं चालवली. गावात त्यांना मानोंग सांतो, म्हणजे सांतोदादा, म्हणतात, आणि नावापाठोपाठ ‘ते गाणारे’ असं जोडतात. गाणं ते बोटीवरच शिकले. त्या बोटीच्या इंजिनाचा आवाज असा, की शेजारचा माणूस शिव्या देत असला तरी कळत नाही. ताताय म्हणायचे, “इंजिनाजवळ बसून मोकळ्या गळ्याने गावं. चुकलं तरी हसायला कुणी नाही.” तिथे गळा तयार करून मग ते माझ्या आईच्या खिडकीखाली जाऊन उभे राहिले. गाणं एकच, दिवा विझलेल्या होडीचं. आईने दुसऱ्या कडव्याला खिडकी उघडली, असं दोघंही सांगायचे. आई जाऊन सहा वर्षं झाली, पण गाणं राहिलं. वाढदिवस, बारसं, मयत, काहीही असो, भाड्याचं गाण्याचं यंत्र आलं की शेवटी ताताय ते म्हणणार आणि पडद्यावर गुण यायच्या आधीच मान वळवून मला विचारणार, “किती?”

सत्त्याण्णवच्या वर कधी गेले नाहीत. शेजारच्या मानांग पुरिंगला, म्हणजे पुरिंगताईला, मात्र त्याच यंत्राने दोनदा शंभर दिले. ती गाते तेव्हा आमची कुत्री घरात जाऊन बसतात. यंत्राची अक्कल तेवढीच, हे सगळ्यांना माहीत. तरी ताताय दर वेळी विचारायचे.

जानेवारीत त्यांचा आवाज बसला. सर्दी असेल म्हणून आम्ही आल्याचा काढा पाजत राहिलो. मी आंब्याच्या वड्या वाळवायच्या कारखान्यात कामाला, सुट्टी काढली की पगार कापला जातो, म्हणून डॉक्टरकडे नेणं महिनाभर लांबवलं. त्याचंही पाप माझ्याच खात्यावर. शहरातली डॉक्टरीण वयाने लहान होती, पण सरळ बोलली. गाठ आहे, स्वरयंत्र पूर्ण काढावं लागेल. गळ्याला भोक राहील, श्वास त्यातून. जीव वाचेल.

ताताय म्हणाले, “आणि गाणं?”

ती कागद चाळत राहिली.

तोवर त्यांच्यात आवाज उरला होता तो चर्चमध्ये कुणी कानात बोलावं इतकाच. सूर मात्र शाबूत होता. उशाशी बसलं की ऐकू यायचा, दाराशी गेलं की नाही.

माझा धाकटा भाऊ रेनांते मालवाहू जहाजावर इंजिनखोलीत तेलपाण्याचं काम करतो. त्याचा करार ऑगस्टपर्यंत, मधून सुटता येत नाही. फोनवर तो रडला नाही, पण शब्दाशब्दाला थांबत होता. “मानांग,” तो म्हणाला, कारण मी थोरली, “पैसे पाठवतो. बॅटरीवर चालणारा, माईकवाला स्पीकर घे. माईकशिवाय आता त्यांचं ऐकू येणार नाही. त्यांना ते एक गाणं गाऊ दे, आणि रेकॉर्ड करून मला पाठव. मला दुसरं काही नको.”

“एवढंच ना?” मी म्हटलं.

“एवढंच. पण ते चुकवू नकोस.”

ऑपरेशन सोमवारी सकाळी ठरलं. रविवारी संध्याकाळी चारच्या आत इस्पितळात भरती व्हायचं होतं. तेव्हा रविवारी सकाळी चर्चमधली मिस्सा झाल्यावर घरी जेवण ठेवायचं, तातायांचा वाढदिवस म्हणायचं. खरा वाढदिवस सात आठवडे पुढे होता. गावात सगळ्यांना ते माहीत होतं आणि एकानेही विचारलं नाही.

आदल्या बुधवारी आम्ही दोघं शहरात गेलो. दुकानात स्पीकरांची भिंतच उभी होती, सगळे एकदम चालू. विक्रेती पन्नाशीची, ग्लेंडा असं छातीवर लिहिलेलं, पायांत सपाता.

“कशाला हवाय?”

“घरी गाणी म्हणायला.”

“माणसं किती?”

“वीस एक.”

“वीस म्हणजे साठ,” ती म्हणाली. “मी पण आपल्यातलीच आहे, बाई.”

तिने दोन बाजूला काढले. एक लहान, बादलीएवढा, काळा, त्याला तारेचा एक माईक. दुसरा माझ्या कमरेइतका उंच, खाली चाकं, पुढे बारा इंची गोल आणि गोलाभोवती लाल-हिरवे-निळे फिरणारे दिवे. बिनतारी माईक दोन. आठ हजार पेसो खोडून पाच हजार आठशे केलेले. लहान दोन हजार नऊशेला.

“बॅटरी किती चालते?” मी मोठ्याकडे बघत विचारलं.

“खोक्यावर दहा तास लिहिलंय.”

“म्हणजे दहा तास?”

“खोक्यावर लिहायला काय जातं? दिवे बंद ठेवून निम्म्या आवाजात लावलात तर सहा तास. दिवे लावून, पूर्ण आवाजात, तर अडीच. विकते मी, पण खोटं बोलून नाही विकत. हा लहान घ्या. माझ्या भावाच्या मयतात सलग नऊ तास चालला. भाऊ पुरला, स्पीकर चालू होता.”

ताताय हसले. त्यांचं हसणं तेव्हा नुसतं श्वासासारखं यायचं. ग्लेंडाने लहान स्पीकरचा माईक त्यांच्या हातात दिला. त्यांनी तो ओठांपाशी नेला, डोळे मिटले आणि होडीच्या गाण्याची पहिली ओळ म्हटली.

जानेवारीपासून मी तो आवाज ऐकला नव्हता. जाड, थोडा खरखरीत, शेवटच्या अक्षरावर खाली उतरणारा. आमच्या घरातला आवाज. पंखा घ्यायला आलेला एक माणूस वळून उभा राहिला. ग्लेंडाने हात मागे नेऊन बाकीचे स्पीकर बंद केले. ताताय सबंध कडवं गायले.

फोन माझ्या हातात होता. मी किमतींच्या चिठ्ठ्यांचे फोटो काढत होते, रेनांतेला पाठवायला.

हे मला रोज आठवतं. रेकॉर्डिंगचं लाल बटण फोटोच्या बटणापासून अंगठाभर अंतरावर असतं.

मग मोठा लावला. त्याच्या आत ढोल वाजवत कुणी बसल्यासारखा तो धडधडायला लागला. तातायांनी बिनतारी माईकमध्ये तीच ओळ म्हटली, ती त्या धडधडीत कुठे गेली कळलंच नाही. ग्लेंडा म्हणाली, “मानोंग, माईक ओठाला टेकवा.” त्यांनी टेकवला. थोडं आलं. ते माझ्याकडे वळून कुजबुजले, “इंदाय,” लेकीला आमच्याकडे असंच म्हणतात, “हा ओरडणाऱ्यांचा आहे. तो लहान घेऊ. माझ्या मापाचा आहे.”

आता माझं डोकं कसं चालतं ते सांगते, कारण लपवून उपयोग नाही. आमच्याकडे ज्या घरातला मुलगा जहाजावर, त्या घराकडे गाव वेगळ्या नजरेने बघतं. पत्रे नवे आहेत का, फ्रिज केवढा, वाढदिवसाला आख्खा डुक्कर भाजला की नुसत्या कोंबड्या. दोन वर्षांपूर्वी आमच्या भाड्याच्या यंत्राचा एक कर्णा बंद पडला होता, तेव्हा गावचा कप्तान, म्हणजे आमचा सरपंच, सगळ्यांसमोर म्हणाला होता, “घर जहाजवाल्याचं आणि आवाज डासाचा!” लोक खूप हसले. मीही हसले आणि घरात जाऊन भांडी आपटली. तो डास दोन वर्षं माझ्या कानात होता.

“ताताय, बादलीसमोर उभे राहून गाणार तुम्ही?” मी म्हटलं. “लोक काय म्हणतील? पोरगा महिन्याला एवढे पाठवतो आणि बहिणीने बापाला डबा आणून दिला?”

“लोक जेवायला येतात, बाळा. स्पीकर बघायला कशाला येतील?”

“तुम्हाला काही कळत नाही.”

ते माझ्याकडे बघत राहिले. भांडण त्यांना कधी जमलं नाही, आणि त्या महिन्यात तर शब्द जपून वापरायचे होते. “तुला आवडलाय ना?” ते म्हणाले. “मग घे.”

ग्लेंडाने पावती फाडली. माझ्याकडे न बघता म्हणाली, “दिवे बंद ठेवा, हं.”

शुक्रवारी वाण्याच्या दुकानावर कागद लागला: तारांच्या कामासाठी रविवारी सकाळी आठ ते संध्याकाळी पाच वीज बंद. मी दोन दिवस स्पीकर चार्जिंगला लावून ठेवला. मानांग पुरिंगने विचारलं, “पुरेल का गं?” मी तिला खोकं दाखवलं. दहा तास. ग्लेंडाचं बोलणं मला गैरसोयीचं होतं, खोक्याचं सोयीचं. मी खोक्यावर विश्वास ठेवला.

रविवारी दहा वाजता अंगणात पान्सितची परात मांडली. वाढदिवसाला लांब शेवया हव्यातच, आयुष्य लांबतं म्हणतात. मी शेवया तोडू नका म्हणून सगळ्यांवर ओरडत होते. स्पीकर पायरीवर ठेवला, फोन जोडला, आणि दिवे लावले. हो, लावले. दिवसाढवळ्या. पोरं किंचाळली, बायका “अगं बाई!” म्हणाल्या, आणि माझी छाती दोन इंच फुगली. आवाज शेवटच्या रेषेपर्यंत नेला. चर्चमधून घरी निघालेले लोक वळून आमच्या गल्लीत आले. पलीकडच्या वाडीतले आले. ज्यांना बोलावलं नव्हतं तेही आले, आणि आमच्याकडे आलेल्याला जेवलात का हेच विचारतात. ग्लेंडाने सांगितलेले साठ अकराच्या आत भरले.

आमची रीत अशी, की माईक आधी पाहुण्याच्या हातात. यजमान शेवटी. पाहुणा आधी नाही-नाही म्हणणार, मग तीनदा आग्रह करायचा, मग तो गाणार. आणि घरचा माणूस मधेच गायला उठला तर त्याचा अर्थ होतो, आता निघा. तातायांनी जन्मात कुणाला असं निघा म्हटलं नव्हतं.

तरी अकराला मी माईक त्यांच्याकडे नेला. “ताताय, म्हणून टाका. आज तुमचा दिवस आहे.”

तेवढ्यात फाटकातून कप्तान आला. तातायांनी माईक पुढे केला.

“नको नको, मानोंग,” कप्तान पोटावर हात फिरवत म्हणाला, “माझा घसा बसलाय.” आणि लगेच जीभ चावली. घसा बसल्याचं कुणापुढे बोलला ते त्याच्या लक्षात आलं. तो इतका ओशाळला की तातायांनी हसून त्याचा खांदा थोपटला आणि माईक त्याच्या मुठीत कोंबला. आता न गाणं म्हणजे अपमान. कप्तान तीन गाणी गायला. तिसऱ्याला स्पीकरवर हात ठेवून माझ्याकडे बघत ओरडला, “याला म्हणतात जहाजवाल्याचं घर!” लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्या क्षणी मला किती बरं वाटलं, ते आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते.

साडेअकराला पुन्हा गेले. निवृत्त मास्तरीणबाई खुर्चीत वाट बघत होत्या. ताताय म्हणाले, “आधी पाहुणे.” बाराला गेले. तेव्हा त्यांच्याबरोबर बोट चालवलेले दोन म्हातारे तीन वाड्या चालून आले होते. “आधी पाहुणे, इंदाय. ते उन्हातून आलेत.” मग मानांग पुरिंग उभी राहिली, म्हणाली, “तुझ्या बापासाठी म्हणते,” आणि रडत रडत, बेसूर, चारही कडवी म्हणाली. तिला कोण थांबवणार? आणि मग कुणीतरी ओरडलं, “बेथ कुठाय? स्पीकर घेतला आणि घेणारीच गात नाही?” आणि मी गेले. मी दोन गाणी गायले. दुसरं कुणी मागितलंही नव्हतं.

दोन गाणी म्हणजे नऊ मिनिटं.

साडेबारा होत आले तेव्हा म्हातारे बोटवालेच म्हणाले, “सांतो, आता तू. पुरे झाले पाहुणे.” सगळे खुर्च्या पुढे ओढून बसले. मानांग पुरिंगने रेकॉर्ड करायला फोन उभा धरला, मी तिला आडवा धरायला सांगितला. तातायांनी शर्टाचं वरचं बटण लावलं. मी गाणं शोधून लावलं. सुरुवातीची गिटार वाजायला लागली, सगळे गप्प झाले, तातायांनी डोळे मिटले.

दिवे आधी गेले. मग गिटार घरंगळल्यासारखी झाली. मग स्पीकरच्या आतून एक बाई इंग्रजीत गोड आवाजात म्हणाली की बॅटरी संपत आलेली आहे, आणि तिचं वाक्यही पुरं झालं नाही.

त्यांनी डोळे उघडले नाहीत. गिटार पुन्हा येईल असं त्यांना वाटत होतं.

मी धावले. चर्चचा कर्णा विजेवर. भाड्याचं यंत्र विजेवर. गल्लीतला दुसरा बॅटरीचा स्पीकर कप्तानाच्या पुतण्याचा, तो सहलीला समुद्रावर घेऊन गेलेला. त्याला फोन लावला, लागला नाही. ट्रायसिकल रिक्षाच्या टेपला माईकची जागाच नव्हती. मी परत आले तेव्हा लोक म्हणत होते, “माईक कशाला हवा, मानोंग? तसंच म्हणा! आम्ही चूप बसतो.” आणि खरंच साठ माणसं चूप बसली. पोरांची तोंडं आयांनी दाबून धरली.

तातायांनी तोंड उघडलं. गळ्याची शीर ताठ झाली. हवा आली. पुढच्या रांगेपर्यंतही काही पोचलं नाही. त्यांनी पुन्हा प्रयत्न केला आणि खोकला आला. मागे कुणाचा तरी चमचा ताटात पडला, तो केवढ्याने वाजला.

त्यांनी हात हलवून सगळ्यांना खुणावलं. ओठांवरून कळलं: जेवा, जेवा.

मी स्वयंपाकघरात जाऊन भिंतीला डोकं लावून उभी राहिले. रडू आलं नाही. मग इस्पितळाची पिशवी भरायला घेतली.

पावणेतीनला धक्क्यावर पोचलो. बोट बोयेतची होती. तो तातायांच्या हाताखाली शिकलेला, आता पन्नाशीला टेकलाय. त्याने पुढची सावलीतली जागा मोकळी करून ठेवली होती. ताताय तिकडे गेलेच नाहीत. मागे इंजिनाशेजारच्या फळीवर, चौतीस वर्षं बसत होते तिथे, जाऊन बसले. मी समोर बसले, मांडीवर इस्पितळाची पिशवी, त्यात नवे पायजमे, टॉवेल आणि एक पाटी. पाटी मीच घेतली होती, नंतर लिहायला.

बोयेतने इंजिन सुरू केलं आणि बोलणं संपलं. बेट मागे पडलं. मी पाण्याकडे बघत होते. वर बघितलं तर ताताय गात होते.

डोळे मिटलेले, हात गुडघ्यावर, बोटाने ठेका. गळ्याची घाटी वरखाली होत होती, भरभरून, अंगणात झाली नव्हती तशी. लाजायचं कारण नव्हतं. हसायला कुणी नव्हतं. ऐकायलाही नव्हतं.

मी बोयेतला ओरडून म्हटलं, बंद कर. त्याने कानावर हात नेला. मी इंजिनाकडे बोट दाखवून हात जोरजोरात खाली केला. त्याने घड्याळ बघितलं, मला चारच्या भरतीची घाई आहे असं समजला, मान डोलावली आणि वेग वाढवला.

मी उठून तातायांच्या पायाशी बसले. फोन काढला, लाल बटण दाबलं, आणि तो त्यांच्या ओठांपाशी धरला. त्यांच्या श्वासाची ऊब माझ्या बोटांना लागत होती. कान जवळ नेला तर इंजिनच कानात शिरलं. चार मिनिटं अकरा सेकंद मी तशीच बसले. संपल्यावर त्यांनी डोळे उघडले आणि मान वळवून माझ्याकडे बघितलं. भुवया उंचावल्या. ते काय विचारत होते हे कळायला आवाज लागत नव्हता.

मी अंगठा वर केला. दुसरं काय करणार होते?

ऑपरेशन चांगलं झालं. सगळे म्हणतात, देवाचे आभार मान, बाप वाचला. मानते. रोज मानते. आणि रोज सकाळी त्यांच्या गळ्याच्या भोकातली नळी धुताना मला वाटतं, एक माणूस होता, त्याने आयुष्यात एकच गोष्ट मागितली, आणि तीही दुसऱ्यांना आधी देऊन मग. ती माझ्या हातात होती. मी ती दिव्यांना दिली.

रेनांतेला मी रेकॉर्डिंग पाठवलं. काही लिहिलं नाही, नुसतं पाठवलं. दोन दिवसांनी त्याचा फोन आला.

“मानांग, हे काय पाठवलंस?”

“ताताय गातायत.”

त्याच्या मागे त्याचं जहाज घरघरत होतं.

“मानांग,” तो म्हणाला, “हे मी इथे दिवसाचे बारा तास ऐकतो.”

त्याने ओरडायला हवं होतं. त्याने हळूच विचारलं, “औषधं घेतात ना वेळेवर?” आणि ठेवला.

परवा दुपारी कारखान्यातून आले तर गल्लीच्या तोंडापासूनच बोटीचं इंजिन ऐकू येत होतं. धक्का इथून तीन किलोमीटर आहे. घराशी आले. ताताय पायरीवर बसलेले, शेजारी तो बारा इंची स्पीकर, भिंतीच्या विजेवर, दिवे बंद, आणि माझा जुना फोन त्याला जोडलेला. आवाज शेवटच्या रेषेवर. पत्रे थरथरत होते. मानांग पुरिंग कुंपणापलीकडे कपडे वाळत घालत होती. तिने माझ्याकडे बघितलं आणि पुढचा कपडा उचलला.

ताताय डोळे मिटून ऐकत होते. बोट गुडघ्यावर ठेका धरत होतं. एका ठिकाणी ते बोट वर गेलं, आणि त्यांनी डोळे न उघडता पाटी पुढे ओढून लिहिलं: दुसरं कडवं. मी तिथे बसले. नीट ऐकलं. कान स्पीकरला लावला. इंजिन होतं. पाणी होतं. एकदा बोयेत खोकला. त्यांना सगळं ऐकू येत होतं, कुठे श्वास घेतला, कुठे शेवटचं अक्षर खाली उतरलं, कुठे आईने खिडकी उघडली. मला इंजिन ऐकू येत होतं.

चार मिनिटं अकरा सेकंदांनी थांबलं. त्यांनी मान वळवली आणि पाटीवर लिहिलं: किती?

“शंभर,” मी म्हटलं.

ते माझ्या तोंडाकडे बघत राहिले. मग तळहाताने पाटी पुसली आणि लिहिलं: खोटारडी. ते लिहिताना हसत होते, पण त्या हसण्याचाही आता आवाज येत नाही.

मग त्यांनी फोन माझ्या हातात दिला, आणि बोट गोल फिरवून खूण केली, पुन्हा पहिल्यापासून. मी लावलं.